मुलांनी मोठ्यांना 'का?' विचारावं का?

सांजवेळ: 'मोठ्यांनी सांगितलं की ऐकायचं' हे मला धोक्याचं वाटतं. अमेरिकेतल्या येल विद्यापीठात १९६१ मध्ये मानसशास्त्रज्ञ स्टॅनली मिलग्रम यांनी केलेला प्रयोग आठवा. प्रयोग घेणारा फक्त 'पुढे चालू ठेवा' अशा सूचना देत होता, तरी ४० पैकी २६ जणांनी पलीकडच्या माणसाला शेवटच्या ४५० व्होल्टपर्यंत विजेचे झटके दिले. झटके खोटे होते, पण देणाऱ्यांना ते ठाऊक नव्हतं. ही काही क्रूर माणसं नव्हती. 'नाही' म्हणण्याची सवय लहानपणीच लागायला हवी.

खडूफळा: त्या प्रयोगातून बालपणाबद्दल काहीच सिद्ध होत नाही. मी शिक्षक आहे. प्रत्येक सूचनेवर 'का' आलं की बोलकी मुलं तास खातात आणि गप्प मुलं मागे पडतात. त्यांची बाजू कोण घेणार? रस्त्यावर 'थांब' म्हटलं की थांबायचं, चर्चा नंतर. सर्जनशीलतेचंही तेच. सूर पक्के नसताना नवी चाल कुठून सुचणार?

सांजवेळ: रस्त्याचं मान्य. पण २०११ मध्ये प्रसिद्ध झालेला खेळण्याचा प्रयोग बघा. बालवाडीच्या वयाच्या काही मुलांना त्या खेळण्याची एकच करामत मुद्दाम शिकवली, तर ती बहुतेक तेवढ्यावरच थांबली. ज्यांच्यासमोर ते चुकून वाजल्यासारखं केलं, त्यांनी बाकीच्या करामती जास्त शोधल्या.

खडूफळा: म्हणजे शिकवलेली गोष्ट मुलांनी नेमकी उचलली. मला त्यात शिकवण्याची ताकदही दिसते.

वाटसरू: मिलग्रम यांच्याच आणखी एका प्रयोगाबद्दल कोणी बोलत नाही. त्यात सोबतच्या दोघांनी आधी नकार दिला, तेव्हा ४० पैकी फक्त ४ जण शेवटपर्यंत गेले. मुलांना प्रश्न विचारायला शिकवण्याआधी, मोठी माणसं चुकीच्या गोष्टीला नकार देताना त्यांना दिसायला हवीत. आपण वरिष्ठांपुढे मान डोलवायची आणि मुलाला 'निर्भय हो' सांगायचं, हे मुलांना बरोबर कळतं.

खडूफळा: हे पटलं. फळ्यावरची माझी चूक कुणी दाखवली तर मी सगळ्यांसमोर दुरुस्त करतो. वर्गाच्या नियमांवर मात्र वाद घालू देणार नाही.

सांजवेळ: माझा आग्रह तिथेच आहे. तास चालू असताना नको, पण नियम ठरवताना तरी मुलांना विचाराल की नाही?