मदत हवी आहे : पेद्रो आर्मेन्दारिसचे जुने मेक्सिकन सिनेमे

नमस्कार मंडळी. ‘फ्रॉम रशिया विथ लव्ह’ या बाँडपटातला केरीम बे म्हणून मेक्सिकन अभिनेता पेद्रो आर्मेन्दारिस तुमच्यापैकी अनेकांना ओळखीचा असेल. त्या चित्रीकरणाच्या वेळी तो कर्करोगाने आजारी होता. त्याला लवकर मोकळं करता यावं म्हणून दिग्दर्शक टेरेन्स यंगने त्याचे प्रसंग आधी उरकून घेतले. जून 1963 मध्ये तो गेला, सिनेमा त्यानंतर प्रदर्शित झाला.

पण मला हवा आहे तो मेक्सिकोतला आर्मेन्दारिस. एमिलिओ फर्नांदेसचं दिग्दर्शन, गाब्रिएल फिगेरोआचा कॅमेरा आणि समोर नायिका दोलोरेस देल रिओ. ‘मारिया कान्देलारिया’मध्ये ती तापाने फणफणलेली असते, म्हणून हा दुकान फोडून क्विनाइन आणतो आणि जाता जाता तिच्या लग्नासाठी एक पोशाखही उचलतो. त्या पोशाखापायीच पुढचं सगळं विपरीत घडतं. मेक्सिको सिटीतल्या सोचिमिल्कोच्या कालव्यातली ती होडी, वर पसरलेलं आभाळ! कान चित्रपट महोत्सवात 1946 साली या सिनेमाला सर्वोच्च पुरस्कार मिळाला, तो उगाच नव्हे.

मला मिळालेली प्रत फारच धूसर आहे, सबटायटल्सही अर्धवट. फिगेरोआचं काम असं बघणं म्हणजे अन्यायच. ‘मारिया कान्देलारिया’ आणि फर्नांदेसच्याच ‘ला पेर्ला’च्या स्वच्छ, इंग्रजी सबटायटल्सच्या प्रती अधिकृतपणे कुठे मिळतील? आर्मेन्दारिसवर इंग्रजीत एखादं चांगलं चरित्र आहे का? स्पॅनिश असलं तरी चालेल, शब्दकोश घेऊन बसेन. मेक्सिकोत राहणारं कुणी असेल तर कृपया जरूर सांगा.