राज्यातील रस्त्यांवरच्या फलकांचा कारभार एकाच कार्यालयाकडे असावा का?

घाटवाट
मागच्या पावसाळ्यात कोकणात उतरणाऱ्या एका घाटात, दिवेलागणीच्या सुमारास, एकाच वळणावर मला तीन फलक दिसले. पहिला लाल कडेचा त्रिकोण होता, पण त्याचा परावर्तक थर सोलला गेल्याने दिव्याच्या उजेडात तो काळाच दिसत होता. दुसरा ताशी ३० किलोमीटर वेगमर्यादेचा गोल फलक होता आणि त्याच्या पुढे शंभरएक पावलांवर, वळण संपायच्या आतच, ताशी ५० किलोमीटरचा तिसरा फलक उभा होता. दोन यंत्रणांनी एकमेकींना न विचारता ते लावले असावेत, असे खांबांवरूनच वाटत होते.

मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम ११६ प्रमाणे वाहतुकीचे फलक लावण्याचा अधिकार राज्य शासनाला किंवा शासनाने प्राधिकृत केलेल्या यंत्रणेला आहे, आणि अनुसूचीत दिलेल्या चिन्हांचा आकार, रंग व अर्थ अनुसूचीप्रमाणेच ठेवावा लागतो. वेगमर्यादा एरवीपेक्षा कमी करायची असेल, तर थोड्या दिवसांची तजवीज सोडून, कलम ११२ नुसार राजपत्रात अधिसूचना काढावी लागते. सक्तीचे चिन्ह पाळणे हे कलम ११९ नुसार चालकाचे कर्तव्य आहे. कर्तव्य इतके स्पष्ट असेल, तर आपल्यासमोरचा फलक अधिकृत आहे की नाही, हे कळण्याची सोयही तितकीच स्पष्ट हवी. म्हणून माझे म्हणणे असे आहे की, प्रत्येक जिल्ह्यातील सर्व फलकांची नोंदवही एकाच कार्यालयाकडे असावी, सक्तीच्या प्रत्येक फलकावर अधिसूचनेचा क्रमांक व दिनांक असावा, आणि ज्याची नोंद नाही तो फलक काढून टाकावा. तोवर त्याच्या आधारे कोणालाही दंड करू नये.

निवृत्त शाखा अभियंता
मी या मताशी सहमत नाही. प्रमाण ठरलेले नाही, असा समज या मांडणीमुळे होतो. मुकुंदराव जयकर यांच्या अध्यक्षतेखाली १९२७ साली नेमलेल्या समितीच्या शिफारशींतून डिसेंबर १९३४ मध्ये इंडियन रोड्स काँग्रेस ही रस्ते अभियंत्यांची संस्था उभी राहिली, आणि तिची फलकांविषयीची संहिता, म्हणजे आयआरसी ६७, २०१२ मध्ये आणि पुन्हा २०२२ मध्ये सुधारली गेली. अक्षरांची उंची, खांबाचे रस्त्याच्या कडेपासूनचे अंतर, परावर्तक थराचा दर्जा, सगळे तिच्यात आहे.

अडचण देखभालीची आहे. फलक उभारण्यासाठी रस्त्याच्या कामात तरतूद असते; तो पुसण्यासाठी, त्याच्यापुढे वाढलेल्या फांद्या छाटण्यासाठी किंवा भंगारासाठी चोरीला गेलेला पत्रा पुन्हा बसवण्यासाठी वेगळा पैसा मागावा लागतो. माझ्या सेवेत एका पुलाजवळचा एकच फलक आम्ही तीनदा बसवला. नोंदवही ठेवून पत्रा जागेवर राहत नाही. शिवाय ताशी ६० किलोमीटर वेगाने जाणारी गाडी सेकंदाला जवळजवळ १७ मीटर पुढे सरकते. तेवढ्या वेळात चालकाने अधिसूचनेचा क्रमांक वाचावा, ही अपेक्षाच चुकीची आहे.

मालवाहू
मी बावीस वर्षे ट्रक चालवतो आहे आणि ‘नोंद नाही तो फलक काढून टाकावा’ या वाक्याने मला खरोखर भीती वाटली. आमच्या नेहमीच्या घाटात एका कातळावर पिवळ्या ऑइलपेंटने ‘पुढे वळण घातक आहे, हॉर्न वाजवा’ असे लिहिलेले आहे. ते कोणी लिहिले, ठाऊक नाही. दरवर्षी दिवाळीच्या आसपास त्यावर ताजा रंग चढलेला दिसतो. धुक्यात खांबावरचा त्रिकोण दिसत नाही, पण कातळ रस्त्याला इतका लागून आहे की ती अक्षरे दिव्यात येतातच. शिकाऊ परवान्यासाठी सगळी चिन्हे मी पाठ केली होती, तरीही त्या वळणावर माझा पाय ब्रेकवर जातो तो त्या शब्दांमुळे. कागदावर नाहीत म्हणून ती अक्षरे पुसली गेली, तर त्याची किंमत रस्त्यावरचा माणूस मोजेल.

घाटवाट
कातळावरच्या अक्षरांबद्दलचे म्हणणे मला मान्य आहे, आणि माझे वाक्य मी दुरुस्त करतो: काढायचे ते फक्त नोंद नसलेले सक्तीचे फलक. सावध करणारा मजकूर कोणी लिहिला असेल, तर कार्यालयाने तो पाहावा, नोंदवावा आणि त्याच ठिकाणी नियमातला फलकही द्यावा. क्रमांक फलकाच्या पाठीमागे असला तरी चालेल; तो चालकाने धावत्या गाडीतून वाचण्यासाठी नाहीच, तक्रार करणाऱ्यासाठी आहे.

देखभालीबाबत मात्र मी मागे हटणार नाही. अपघाताने फलकाचे नुकसान झाले तर चोवीस तासांच्या आत पोलिसांना कळवावे, असे कलम ११६ मध्येच आहे, आणि फलक झाकणारी जाहिरात काढण्याचा अधिकार पोलीस अधीक्षक किंवा त्यावरील दर्जाच्या अधिकाऱ्याला देता येतो. वाढदिवसाच्या फ्लेक्समागे कोणता फलक दडला आहे, हे त्या अधिकाऱ्याला यादी नसेल तर कळणार कसे?

ळकार
मला दोन्ही बाजूंना एका गोष्टीची आठवण करून द्यायची आहे. चिन्हाचा आकार आणि रंग राज्याच्या हाती नाही. मात्र शासनाला योग्य वाटेल त्या लिपीत मजकूर जोडण्याची मुभा त्याच कलमाने राज्याला दिली आहे, आणि आपण नेमके तिथेच गाफील आहोत. दिशादर्शक फलकांवर मी ‘लोनावला’ आणि ‘धुले’ असे लिहिलेले वाचले आहे. ‘ळ’ देवनागरीत आहे, १९६४ च्या अधिनियमाने मराठी राज्याची राजभाषा आहे, तरी गावाचे नाव त्या गावच्या माणसाला परके वाटावे असे लिहिले जाते. नोंदवही झालीच तर तिच्यात प्रत्येक गावाच्या नावाचे एकच अधिकृत लेखन असावे आणि फलक रंगवणाऱ्याच्या हाती तेच जावे.

निवृत्त शाखा अभियंता
नावांच्या यादीला माझा पूर्ण पाठिंबा आहे. आम्हाला ती कधी मिळाली नाही, आणि ठेकेदार नकाशात दिसेल तसे लिहीत असे. नोंदवहीच्या विरोधातही मी नाही. फक्त तिच्यातल्या प्रत्येक फलकापुढे शेवटची तपासणी कधी झाली आणि पुढची कधी होणार, हे दोन रकाने असावेत, आणि तपासणी रात्री, गाडीच्या दिव्यात व्हावी. दिवसा सगळेच फलक चांगले दिसतात. मूळ धाग्यातल्या त्या घाटापुरते विचाराल, तर मी ५० चा फलक वळण पूर्ण संपल्यानंतरच्या सरळ रस्त्यावर नेईन आणि त्रिकोणाचा पत्रा पावसाळ्याआधी बदलेन.