लांबचा प्रवास, जिवलग मित्र आणि त्यांच्या खोडी

तासाभराच्या भेटीत न जाणवणाऱ्या मित्रांच्या सवयी गाडीत दिवसचे दिवस शेजारी बसल्यावर ठळक होतात. त्यांचा त्रास होतो, पण पुष्कळदा प्रवास त्यांच्यामुळेच तडीस जातो, असे माझे ठाम मत आहे. आपले असे अनुभव येथे लिहावेत. स्थळांपेक्षा माणसांविषयी अधिक लिहावे.

सुरुवात मी करतो. आम्ही पुण्याहून मनालीमार्गे लेहला गेलो होतो. आमच्यातील एक जण दिवेलागणीनंतर स्वतः गाडी चालवत नाही आणि दुसऱ्यालाही चालवू देत नाही. राजस्थानातील सरळ, मोकळ्या रस्त्यावरही त्याने संध्याकाळी थांबायला लावले, तेव्हा सर्वांचीच चिडचिड झाली. पुढे अटल बोगद्यातून लाहौलमध्ये उतरलो, पुढचा पंप ३६५ किलोमीटरवर असल्याचे सांगणारा टांडीचा प्रसिद्ध फलक पाहून टाकी काठोकाठ भरली, आणि दिवस कलताच त्याच्या हट्टापायी सुमारे ३,२०० मीटर उंचीवरच्या जिस्पात मुक्काम केला. आम्हाला त्याच दिवशी सुमारे ४,३०० मीटरवरचे सरचू गाठायचे होते. विरळ हवेची सवय व्हायला मिळालेली ती रात्र किती मोलाची होती, हे दुसऱ्या दिवशी सरचूला कळले. मनालीहून थेट आलेली शेजारच्या तंबूतील मंडळी डोकेदुखीने आणि उलट्यांनी हैराण होती आणि आम्ही गरम डाळभात जेवत होतो.

त्याच तंबूत आमचा खजिनदार विजेरीच्या उजेडात दिवसाचा खर्च लिहीत होता. थंडीने पेनातून शाई उतरेना, म्हणून तो पेन दोन्ही तळव्यांत घोळवायचा, दोन आकडे लिहायचा आणि पुन्हा घोळवायचा. चहाचे पैसेसुद्धा त्याने सोडले नाहीत. घरी परतल्यावर पैशांवरून आमच्यात शब्दाने शब्द वाढला नाही, तो या वहीमुळेच.

—

वहीचा अनुभव फार आवडला. आम्ही मैत्रिणी मुरुडहून किनाऱ्याकिनाऱ्याने मालवणला गेलो. आमच्यातील एकीला, हाती नकाशा असूनही, दर फाट्यावर काच खाली करून रस्ता विचारल्यावाचून राहवत नाही आणि रस्ता कळल्यावरही तिचे बोलणे संपत नाही. दाभोळहून धोपाव्याला जाणारी फेरीबोट तिच्या गप्पांपायी आमच्यासमोरून सुटली, तेव्हा मी खरोखर रागावले होते. मात्र ज्या आजींशी ती बोलत होती, त्यांनीच गुहागरजवळच्या आपल्या भाचीचे घर सांगितले. पाटी नाही, दरपत्रक नाही. माजघरात पाटावर बसवून त्या बाईंनी आम्हाला तिसऱ्यांचे कालवण आणि तांदळाची भाकरी वाढली. त्या भाचीशी आमच्या मैत्रिणीचे आजही दिवाळीला बोलणे होते.

—

आम्ही कॅलिफोर्नियात राहतो. माझा नागपूरचा वर्गमित्र उन्हाळ्यात खिशात कांदा ठेवल्याशिवाय बाहेर पडत नाही. डेथ व्हॅलीत १९१३ साली ५६.७ अंश सेल्सिअस तापमान नोंदले गेले होते, हे वाचल्यापासून त्याने पाण्याचा ध्यासच घेतला आणि बसायला जागा उरणार नाही इतके कॅन गाडीत भरले. परतीच्या चढावर इंजिन तापू नये म्हणून त्याने वातानुकूलनही बंद ठेवायला लावले. घामाघूम होऊन आम्ही वर पोहोचत असतानाच वाफ सोडत कडेला उभी असलेली एक गाडी दिसली. आत लहान मुले होती. कोणी काही म्हणण्याआधीच तो दोन्ही हातांत कॅन घेऊन खाली उतरला होता.