लेफ्टनंट जनरल एस. पी. पी. थोरात: लष्करप्रमुखपद आणि १९६२ चा आराखडा

प्रश्न

नमस्कार. आमच्या वाचनालयात लेफ्टनंट जनरल थोरात यांच्यावर बोलायचे आहे. कोल्हापूरकडच्या या सेनानीविषयी लहानपणापासून एकच गोष्ट ऐकत आलो, ती म्हणजे त्यांना डावलले नसते तर १९६२ चे चीनशी झालेले युद्ध वेगळे झाले असते. मे १९६१ मध्ये जनरल थिमय्या निवृत्त होताना त्यांनी थोरातांचे नाव सुचवले होते, तरीही लष्करप्रमुखपद जनरल थापर यांच्याकडे गेले. यात अन्याय कितपत होता, आणि थोरातांच्या आराखड्यात नेमके काय होते?

प्रतिसाद १

थापर सेवाज्येष्ठतेत पुढे होते, त्यामुळे नियमभंग झाला असे म्हणता येणार नाही. मात्र संरक्षणमंत्री कृष्ण मेनन आणि थिमय्या यांचे संबंध १९५९ मध्ये थिमय्यांच्या राजीनाम्यापर्यंत ताणले गेले होते, आणि त्या पार्श्वभूमीवर थिमय्यांच्या शिफारशीला किती वजन मिळाले असेल, याचा अंदाज बांधणे कठीण नाही.

आराखड्याकडे मात्र जरूर बारकाईने पाहावे. थोरात तेव्हा लष्कराच्या पूर्व विभागाचे प्रमुख होते आणि त्यांचे मुख्यालय लखनौला होते. ऑक्टोबर १९५९ मध्ये त्यांनी मांडले की मॅकमहोन रेषेवर, म्हणजे ईशान्येकडच्या भारत-तिबेट सीमेवर, मुख्य लढाई देऊ नये. सीमेवर फक्त चौक्या असाव्यात, त्यांनी इशारा द्यावा आणि शत्रूला थोडे अडवून धरावे. खरा मोर्चा मागे, आजच्या अरुणाचल प्रदेशातील बोमडिलासारख्या ठिकाणी, म्हणजे आपल्या रस्त्यांनी दारूगोळा आणि शिधा पोचू शकेल आणि शत्रूचा पुरवठा मात्र डोंगर ओलांडून ताणला जाईल, अशा जागी असावा. मार्च १९६० मध्ये लखनौला ‘लाल किल्ला’ नावाच्या सरावात हेच त्यांनी वरिष्ठांसमोर ठेवले.

प्रतिसाद २

वरील माहितीशी सहमत आहे, पण आपल्या व्याख्यानात १९६१ आणि १९६२ एवढेच येऊ नये, अशी माझी कळकळीची विनंती आहे. १९४५ च्या जानेवारीत, दुसऱ्या महायुद्धात, ब्रह्मदेशातील आराकानमधल्या कांगॉच्या लढाईत एकाच ब्रिगेडमधील तीन पलटणींचे प्रमुख भारतीय होते: थिमय्या, एल. पी. सेन आणि थोरात. तिघांनाही डी.एस.ओ. (डिस्टिंग्विश्ड सर्व्हिस ऑर्डर) हे ब्रिटिश लष्करी पदक मिळाले.

त्याहून मला त्यांचे कोरियातले काम मोठे वाटते. कोरियन युद्धाच्या शस्त्रसंधीनंतर मायदेशी परतण्यास नकार देणारे २२ हजारांहून अधिक कैदी भारतीय संरक्षक दलाच्या ताब्यात आले आणि त्या दलाचे नेतृत्व थोरातांकडे होते. एका छावणीत कैद्यांनी एका भारतीय मेजरला आत ओढून ओलीस ठेवले. बाहेर आपले सशस्त्र जवान उभे होते. गोळीबाराचा हुकूम दिला असता तर मेजरचा जीव वाचणे अवघड होते आणि तटस्थतेची सारी भूमिकाही कोसळली असती. थोरात निःशस्त्र आत गेले, त्या चिडलेल्या घोळक्याशी बोलत राहिले आणि मेजरला सोडवून बाहेर आले. पुढे त्यांना अशोकचक्र, वर्ग दोन, म्हणजे आजचे कीर्तिचक्र मिळाले.

मूळ प्रश्नकर्ता

दोघांचेही मनःपूर्वक आभार. तो आराखडा अमलात आला असता, तर निकाल बदलला असता का?

प्रतिसाद १

खात्रीने कोणीच सांगू शकणार नाही. पण ऑक्टोबर १९६२ मध्ये घडले ते याच्या नेमके उलटे होते. पुरेशी तयारी, तोफा आणि गरम कपडे नसताना एक ब्रिगेड मॅकमहोन रेषेजवळच्या नामका चू नदीच्या काठी, शत्रूच्या उंच कड्याखाली नेऊन ठेवली आणि २० ऑक्टोबरच्या एका सकाळीच ती मोडून पडली. थोरातांना टाळायची होती, ती हीच चूक. अर्थात त्यांच्या आराखड्यालाही सैन्य, रस्ते आणि वेळ लागणार होता, आणि हे सारे पुरवण्याची इच्छा दिल्लीत नव्हती. थोरातांनी स्वतः लिहिले आहे की पराभवानंतर पंडित नेहरूंनी त्यांना बोलावून विचारले, तेव्हा हा आराखडा आपल्यासमोर कधी आलाच नव्हता, असे नेहरूंचे म्हणणे पडले. व्याख्यानात हा प्रसंग सांगताना तो थोरातांच्या आठवणींतून आला आहे, एवढे श्रोत्यांना अवश्य सांगावे.