फेसचे बोळ आणि निवाड्यांतून घडलेले नियम

मोरोक्कोतील फेसचे जुने शहर ‘नियोजनाविना वाढले’ आणि पुढे मोटारींमुळे बदलले, असे म्हटले जाते. त्यातले ‘नियोजनाविना’ हे मला पटत नाही. तेथे नकाशा आधी आखलेला नव्हता हे खरे. पण शेजाऱ्याला अपाय होऊ नये, या तत्त्वावर काझी (इस्लामी न्यायाधीश) एकेका तंट्याचा निवाडा करीत. समोरासमोर दारे नकोत, गच्चीवरून शेजारच्या चौकात नजर पडू नये, बंद बोळात तेथील रहिवाशांच्या संमतीविना नवे दार उघडू नये, अशा नियमांतूनच बाहेरून कोऱ्या भिंती आणि आत मोकळा चौक ही रचना टिकली. वाद झाल्यास रस्ता सात हात रुंद ठेवावा, असे हदीसच (पैगंबरांच्या वचनांची परंपरा) सांगते.

बदलाचे श्रेय (किंवा दोष) केवळ मोटारींना देणेही अपुरे वाटते. १९१२ मध्ये मोरोक्कोवर फ्रेंच संरक्षित राज्य आल्यावर तेथील फ्रेंच प्रशासनाचे प्रमुख ल्योते यांनी जुन्या फेसला हात न लावता, नगररचनाकार आंरी प्रोस्त यांच्या आराखड्यानुसार बाहेर रुंद रस्त्यांचे नवे शहर वसवले. हे जतन दिसायला उदार होते, परंतु पैसा, कार्यालये आणि सोयी नव्या शहराकडे वळल्या. पुढे सधन कुटुंबेही निघाली आणि त्यांच्या प्रशस्त घरांत खेड्यांतून आलेली अनेक बिऱ्हाडे दाटीने राहू लागली. १९८१ मध्ये युनेस्कोने जुन्या शहराला जागतिक वारसा ठरवले, तेव्हा त्या भिंतींमागचे रहिवासी बरेचसे बदललेले होते.