सटायरला विडंबन म्हणायचं, उपहास की उपरोध?

राजकारणावरच्या छोट्या विनोदी फिल्मांबद्दल लिहितेय. सगळे सरसकट 'राजकीय विडंबन' म्हणतात पण ते प्रत्येक वेळी बसत नाही. अजून काय वापरता येईल? 'व्यंग्य' नको, ते हिंदीतलं, आपल्याकडे व्यंग म्हणजे खोट, एक व्यंगचित्र सोडलं तर.

— विडंबनाला आधी मूळ काहीतरी लागतं, ज्याची नक्कल करायची. थ्री स्टूजेस या अमेरिकन विनोदी तिकडीची 'यू नॅझ्टी स्पाय' घ्या, जानेवारी १९४० ची, जेमतेम १८ मिनिटांची, म्हणजे चॅप्लिनच्या 'द ग्रेट डिक्टेटर'च्याही काही महिने आधीची आणि तेव्हा अमेरिका युद्धात उतरलीही नव्हती. त्यात तिघांपैकी मो नावाच्याच्या वरच्या ओठावर काळ्या टेपचा तुकडा चिकटतो आणि झाला हिटलर तयार! हे विडंबन, शंभर टक्के.

— बरोबर, पण त्याच फिल्मची सुरुवात बघा की. शस्त्रांचे कारखानदार बसलेत, धंदा मंदावलाय, युद्ध पाहिजे, राजा ऐकत नाही, मग आपल्या तालावर नाचेल असा एखादा मठ्ठ माणूस गादीवर बसवू म्हणतात आणि घरात वॉलपेपर लावायला आलेल्या तिघांवर नजर जाते. इथे नक्कल कुणाचीच नाही. याला मी उपहास म्हणेन, आणि फिल्मचा खरा डंख इथेच आहे, मिशीत नाही.

— आणि उपरोध?

— उपरोधात बोलायचं एक आणि सुचवायचं भलतंच. नेहमीची पाटी असते ना, 'साधर्म्य आढळल्यास तो निव्वळ योगायोग समजावा', या फिल्मच्या पाटीत योगायोगाच्या जागी 'चमत्कार' आहे. साळसूदपणे हात झटकल्यासारखं करून बोट नेमकं तिकडेच दाखवलंय.

— नावं पण भारी आहेत त्यात. हेलस्टोन, गॉलस्टोन, पेबल, म्हणजे गार, पित्तखडा आणि गोटा 😄 देशाचं नाव मोरोनिका, 'मोरॉन' म्हणजे मठ्ठ यावरून. ही नुसती कोटी, तिला सटायर म्हणायची गरज नाही.

— 'प्रहसन' का नको? 'मत्तविलास प्रहसन' हे संस्कृत नाटक सातव्या शतकातलं, खुद्द पल्लव राजा महेंद्रवर्मननं लिहिलेलं, त्यात कापालिक (कवटी घेऊन फिरणारा शैव साधू) आणि बौद्ध भिक्षू दोघांची यथेच्छ टर उडवलीय.

— प्रहसन म्हटलं की स्टेज डोळ्यासमोर येतं हो, आणि निव्वळ धांगडधिंगा असला तरी प्रहसनच. राजकीय टोचणी त्या शब्दात नाही.

— मग मी शीर्षकात 'उपहासात्मक लघुपट' ठेवते आणि विडंबन फक्त नकलेच्या सीनपुरतं. 'लघुपट' जरा डॉक्युमेंटरीसारखं वाटतंय खरं, पण 'छोटी फिल्म' शीर्षकात बरं दिसत नाही.