मदत हवी आहे: ब्रेटबद्दल, शनिवारच्या आत

रेवती_के
शनिवारी आमच्या वाचन मंडळात मला ब्रेटवर वीस मिनिटं बोलायचं आहे. टिपण अर्ध्यावर अडकलंय. जिथे तिथे हेच लिहिलेलं सापडतं की त्या भूमिकेनेच त्याला वेड लावलं, तीच करता करता तो खचला आणि गेला. हे खरं आहे का? आणि शेवटच्या भागांत तो एवढा सुजल्यासारखा का दिसतो? विकिपीडिया वाचून झालाय, तो इथे चिकटवू नका. नक्की माहीत असेल त्यांनीच लिहा, वेळ फार कमी आहे.

सातपुडा
कोणता ब्रेट? कोणती भूमिका? 'माय फेअर लेडी'त फ्रेडी झालेला तो का? त्या सिनेमातलं त्याचं गाणं त्याच्या आवाजात नाही बरं का, बिल शर्लीने गायलंय.

रेवती_के
जेरेमी ब्रेट, इंग्रज नट. शेरलॉक होम्स. ब्रिटनच्या ग्रॅनाडा टीव्हीची मालिका. फ्रेडी तोच, पण माझा प्रश्न होम्सचा आहे.

कोथरूडकर
रेवतीताई, सुरुवातीपासून सांगतो. जन्म ३ नोव्हेंबर १९३३, वॉरिकशरमधल्या बर्क्सवेलचा. खरं आडनाव हगिन्स. वडील लष्करात कर्नल. मुलगा नट होणार म्हटल्यावर घराण्याचं नाव रंगमंचावर नको म्हणाले, म्हणून याने अंगातल्या सुटावरच्या शिंप्याच्या लेबलावरून 'ब्रेट' उचललं. शिक्षण ईटनला, मग लंडनची सेंट्रल स्कूल. १९५४ मध्ये मँचेस्टरच्या लायब्ररी थिएटरात सुरुवात, पुढे ओल्ड व्हिक, १९६१ मध्ये हॅम्लेट, मग ऑलिव्हिएच्या हाताखाली नॅशनल थिएटर. 'मर्चंट ऑफ व्हेनिस'मध्ये ऑलिव्हिए शायलॉक आणि हा बसानिओ.

आता तुमचा मुद्दा. भूमिकेनेच घात केला, माझं स्पष्ट मत आहे. दहा वर्षं एकच माणूस जगायचा म्हणजे काय! होम्स ही आपल्यासाठी चंद्राची अंधारी बाजू आहे असं तो स्वतः म्हणायचा. आपला अप्पा बेलवलकर करणाऱ्या नटांना विचारा, दुसरा अंक झाला की अंगात त्राण उरत नाही.

रेवती_के
पहिला परिच्छेद माझ्याकडे आहे. दुसऱ्याला आधार काय? तेच तर विचारतेय.

जुनी_नाटकं
ताई, एक सुचवतो. मंडळात मराठी वाचक असतील तर सुरुवात भालबा केळकरांपासून करा. होम्स मराठीत आणणाऱ्यांत त्यांचं नाव मोठं आणि ते स्वतः नाटकवाले, पुण्याच्या प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशनचे संस्थापक. डॉ. लागू त्याच संस्थेत घडले. होम्स आणि रंगभूमी हा धागा आपल्याकडे आयता आहे, लोक लगेच जवळ येतील.

आणि ब्रेटची वाणी विसरू नका. जन्मतः जिभेत दोष होता, 'र' उमटत नसे. पोरवयात शस्त्रक्रिया झाली, तरी काम मिळायला लागल्यावरही उच्चारांचा सराव त्याने रोज केला. होम्सचं एकेक अक्षर सुरीने कापल्यासारखं ऐकू येतं त्यामागे ही मेहनत आहे.

मध्यरात्र
या सगळ्यापेक्षा नवीन मालिका दाखवा. कंबरबॅच. तरुण पोरं तरी येतील.

कोथरूडकर
इथे कंबरबॅच कुठून आला? मोबाईलवाला होम्स मला होम्स वाटतच नाही. ब्रेट सेटवर मूळ कथांचं पुस्तक घेऊन फिरायचा, पटकथेत मूळ लेखक डॉइलला सोडून काही घुसलं की भांडायचा. निर्मितीसंघाने 'बेकर स्ट्रीट फाईल' नावाचं ७७ पानांचं टिपण केलं होतं. होम्स कसा बसतो, काय खातो, कधी हसतो, सगळं कथांमधून वेचलेलं. स्ट्रँड मासिकात या कथांसोबत आलेली पॅजेटची चित्रं काढा आणि हे भाग शेजारी ठेवा, ब्रेट तसाच्या तसा उभा दिसेल.

मध्यरात्र
पुस्तकाबरहुकूम म्हणजे चांगलंच असं नसतं. आणि होम्सचा साथीदार वॉटसन, तो करणारा नट मधेच बदलला, त्याचं काय?

सातपुडा
डेव्हिड बर्क १३ भाग, एडवर्ड हार्डविक २८. एकूण ४१. बर्क बायकोबरोबर रॉयल शेक्सपिअर कंपनीत गेला, लहान मुलाजवळ राहता यावं म्हणून. मला बर्कच आवडतो, त्याच्या डोळ्यांत मिश्कीलपणा आहे.

लंडनकाका
हार्डविकबद्दल असं बोललेलं मला चालणार नाही. मी १९८९ मध्ये नोकरीनिमित्त लंडनला होतो, विंडहॅम्स थिएटरात दोघांचं 'द सीक्रेट ऑफ शेरलॉक होम्स' पाहिलंय. रंगमंचावर फक्त दोन माणसं. ब्रेट कुजबुजला तरी मला मागच्या रांगेत ऐकू यायचं आणि हार्डविक नुसता ऐकत बसला तरी नजर त्याच्याकडे जायची.

आता रेवतीच्या प्रश्नाचं. बेटा, तारखा ओळीने मांड, गोष्ट उलगडते. मालिका सुरू झाली एप्रिल १९८४ मध्ये. त्याआधी तीस वर्षं तो व्यावसायिक नट होता. शिवाय १९८० मध्ये लॉस एंजेलिसला त्याने वॉटसन केला होता, समोर होम्स चार्लटन हेस्टन. म्हणजे बेकर स्ट्रीट त्याला अनोळखी नव्हता. जुलै १९८५ मध्ये त्याची बायको जोन विल्सन कर्करोगाने गेली. अमेरिकेतल्या सार्वजनिक वाहिनीवर 'मिस्टरी!' ही मालिका चालवणारी तीच, आपल्या नवऱ्याचा होम्स तिकडे दाखवणारीही तीच. हा परत कामाला उभा राहिला, पुढचा संच पुरा केला आणि १९८६ मध्ये कोसळला. रुग्णालयात ठेवावं लागलं. बायपोलर, म्हणजे कधी टोकाचा उत्साह तर कधी टोकाचं नैराश्य आणणारा आजार, तेव्हाच्या भाषेत मॅनिक डिप्रेशन. मधलं दुःख गाळून नुसत्या भूमिकेवर खापर फोडणं मला पटत नाही.

कोथरूडकर
काका, दुःख होतंच, पण त्याच अवस्थेत तीच एकलकोंडी, अंधारी भूमिका परत अंगावर घेतली ना? भर पडलीच असणार.

लंडनकाका
भर पडली असेल म्हण. वेड लावलं म्हणू नकोस. त्यात फार अंतर आहे.

वॉर्डमधली_सिस्टर
मी पंधरा वर्षं मानसोपचार वॉर्डात आहे. बायपोलर हा आजार नाटकातून लागत नाही. मोठं दुःख, जागरणं, कामाचा ताण यांनी तो उसळू शकतो, पण तो मुळात आजार आहे. सुजेबद्दल: त्याला लिथियम हे बायपोलरवरचं औषध चालू होतं. लिथियमने वजन वाढतं, काहींच्या अंगात पाणी साठतं. त्यात याचं हृदय लहानपणच्या संधिवाताच्या तापाने आधीच दुबळं झालेलं आणि सिगारेटी भरपूर. दमलेलं हृदयही अंगावर सूज आणतं. १२ सप्टेंबर १९९५ ला तो हृदय निकामी होऊनच गेला, लंडनला, घरी. वय ६१.

रेवती, तुम्हाला हे नुसतं भाषणासाठीच हवंय का? 'नक्की माहीत असेल त्यांनीच' असं लिहिलंत म्हणून विचारते.

रेवती_के
नाही. माझा धाकटा भाऊ लिथियमवर आहे. तो मंडळात येतो, ब्रेटवर बोल हे त्यानेच सुचवलं, आणि पहिल्या रांगेत बसणार आहे. आमच्यातल्या एकांनी परवा शेवटचे भाग लावले आणि सगळ्यांसमोर म्हणाले, बघा कसा माजला होता. भाऊ काही बोलला नाही. त्या रात्री त्याने गोळी घेतली नाही, हे मला दुसऱ्या दिवशी कळलं. आधी सांगायला हवं होतं.

वॉर्डमधली_सिस्टर
आधी भावाचं. चुकलेली गोळी भरून काढायला दोन एकदम देऊ नका, डॉक्टरांना आजच फोन करून सांगा. लिथियम आपल्या मनाने थांबवायचं नाही. वजनाचा त्रास होत असेल तर तेही त्यांना सांगा, त्यावर उपाय असतात. रक्तातली पातळी, थायरॉइड, किडनी वेळच्या वेळी तपासतात ना? पाणी, मीठ एकदम कमी करू देऊ नका. अंगदुखीच्या गोळ्या न विचारता नकोत.

आणि ब्रेटची अवस्था पाहून त्याने स्वतःचं भविष्य ठरवू नये. याचं हृदय आधीचं दुखावलेलं होतं आणि गोष्ट तीस-चाळीस वर्षांपूर्वीची.

कोथरूडकर
ताई, मी 'घात केला' लिहिलं ते मागे घेतो. तुमच्या भावाने वाचलं असेल तर त्याला सांगा.

लंडनकाका
एक गोष्ट नक्की सांग. ब्रेटने हा आजार लपवला नाही. शेवटच्या काळात तो त्यावर उघड बोलला, मॅनिक डिप्रेशन फेलोशिप या अशा रुग्णांच्या संस्थेसाठी मदतीचं आवाहनही केलं. आजारी पडल्यानंतरची कामं यादी करून वाचून दाखव: 'साईन ऑफ फोर', 'हाउंड', विंडहॅम्सचं नाटक, १९९४ पर्यंतची मालिका. १९९४ च्या एका भागात तब्येतीमुळे तो जेमतेम दिसतो, तिथे होम्सचा भाऊ मायक्रॉफ्ट (नट चार्ल्स ग्रे) तपास पुढे नेतो. तेही लपवू नकोस.

जुनी_नाटकं
आणि एखादा तुकडा दाखवाच. प्रोजेक्टर आहे ना?

रेवती_के
आहे. डॉक्टरांशी बोलणं झालं, पुढच्या आठवड्यात रक्त तपासायचं आहे. तुकडा भावाने निवडलाय, 'डेव्हिल्स फूट'. कॉर्नवॉलच्या किनाऱ्यावर होम्स आपली कोकेनची सिरिंज वाळूत पुरतो तो.

सातपुडा
उत्तम. फक्त तो प्रसंग मूळ कथेत नाही, हे आधी सांगा. मुलंही ही मालिका बघतात म्हणून होम्सने कोकेन सोडलेलं दिसावं असं ब्रेटला वाटत होतं, आणि त्यासाठी डॉइलच्या मुलीची परवानगी घेतली होती.